निकाल लागला, रस्ता कधी लागणार?



आज कांद्याचा भाव नाही, करपा नाही, फवारणीचं वेळापत्रक पण नाही. आज बांधावरच्या रस्त्याबद्दल लिहितोय. म्हणजे रस्त्याचा निकाल हातात आहे पण रस्ता नाही, अशा शेतकऱ्यांबद्दल. प्रत्येक गावात असे दोन-चार जण सापडतातच. आमच्या लासलगावच्या पंचक्रोशीत चहाच्या टपरीवर बसलात तर अर्ध्या तासात एखादी फाईल तुमच्यासमोर उघडली जाते. पिशवीत प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेली, कोपरे मऊ झालेली.

आधी कृषी सहायक आणि कृषी पदवीधर मित्रांसाठी थोडं. पीकपद्धतीवर बोलताना आपण माती बघतो, पाणी बघतो, बाजार बघतो. रस्ता बघत नाही. पण आतल्या गटात कोणतं पीक घ्यायचं हे बऱ्याचदा रस्ताच ठरवतो. आमच्याकडची काळी जमीन दोन पाऊस झाले की ट्रॅक्टरला धरून ठेवते. द्राक्ष लावावी तर ब्लोअर आत जात नाही आणि माल भरायला गाडी येत नाही. ऊस लावावा तर तोड झाल्यावर ट्रॉली कुठून काढायची? मग राहतो कांदा. तोही काढणीनंतर पातीसकट शेतात सुकत असताना अवकाळीचे ढग दिसले की चार तासांत हलवावा लागतो. भिजलेला कांदा चाळीत टिकत नाही हे तुम्हाला सांगायला नको. रस्ता असला तर दोन ट्रॉल्यांत काम होतं. नसला तर डोक्यावर गोण्या घेऊन बांधानं चालायचं, आणि त्या कामाला माणसं मिळत नाहीत. मिळालीच तर डबल मजुरी.

आता दाजींचं सांगतो. माझ्या बहिणीचे यजमान. तालुका आणि गाव लिहीत नाही, कारण त्यांना अजून त्याच कार्यालयात जायचंय आणि त्याच शेजाऱ्याबरोबर नांदायचंय.

दाजींचं शेत डांबरी रस्त्यापासून तिसरं. बांधाच्या कडेनं जुनी बैलगाडीची वहिवाट होती. वरच्या गटवाल्यानं एका उन्हाळ्यात चर खोदला, चराची माती बांधावर टाकली, वर काटे. वाट बंद. दाजींनी सहा महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे दावा टाकला. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६. हा कायदा इंग्रजांच्या काळातला, पण आजही शेतकऱ्याच्या उपयोगाचा आहे. वापरात असलेला शेतरस्ता किंवा पाण्याचा प्रवाह कोणी अडवला तर तहसीलदार तो मोकळा करून देऊ शकतात. अट एकच मोठी : अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांत अर्ज पाहिजे. ज्यांना पूर्वीपासून रस्ताच नाही आणि बांधावरून नवीन पाहिजे, त्यांच्यासाठी वेगळी वाट आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, कलम १४३.

दाजींचं प्रकरण सरळ होतं. स्थळपाहणी झाली, पंचांचे जबाब झाले, आदेश दाजींच्या बाजूनं झाला. समोरचा वर प्रांतांकडे गेला. तिथेही तोच निकाल राहिला. पेढे वाटून झाले.

पुढच्या हंगामात मी फोन केला, "दाजी, निकाल लागला ना?"

"लागला ना," म्हणाले. "भिंतीला लागलाय. लॅमिनेशन करून."

चौदा महिने तो आदेश तसाच होता. प्रत्येक खेपेला कारण नवं. मंडळ अधिकाऱ्यांना पत्र दिलंय. पोलीस बंदोबस्त मिळाला नाही. आधी मोजणी आणा. आता निवडणुकीचं काम आहे. आता पावसाळा आहे, उभं पीक आहे. यातलं एकेक कारण खोटं नव्हतं. तलाठ्याकडे किती गावं असतात आणि मंडळ अधिकाऱ्याच्या टेबलावर किती कामं असतात ते मलाही दिसतं. पण सगळी कारणं एकापुढे एक ठेवली की रस्ता कधीच होत नाही.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण बहुतेक जण इथेच चुकीचं दार ठोठावतात. निकाल मिळाल्यावर लोक पुन्हा नव्याने अर्ज करतात, उपोषणाला बसतात, पुढाऱ्याकडे जातात. जणू रस्ता अजून मागायचाच आहे. तो मागून झालाय, मिळूनही झालाय. आता मागणी वेगळी आहे : "तुमचाच आदेश तुम्ही पाळा." मामलेदार कायद्याच्या कलम २१ मध्येच लिहिलंय की अडथळा काढायचा निर्णय झाला की तहसीलदारांनी गावातल्या कर्मचाऱ्यांना किंवा आपल्या हाताखालच्यांना हुकूम देऊन तो अमलात आणायचा. म्हणजे अंमलबजावणी ही मेहरबानी नाही, ती त्या आदेशाचाच उरलेला अर्धा भाग आहे.

आणि हा अर्धा भाग कार्यालयानं केला नाही तर त्यासाठी उच्च न्यायालय आहे. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय सरकारी अधिकाऱ्याला किंवा स्थानिक संस्थेला सांगू शकतं की कायद्यानं तुझ्यावर असलेलं काम कर. याला परमादेश म्हणतात. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थच "आम्ही आज्ञा करतो" असा आहे.

परमादेश काय करतो यापेक्षा काय करत नाही ते आधी सांगतो. न्यायालय तुमच्या बांधावर येऊन वहिवाट कुणाची हे शोधत बसत नाही. साक्षीपुरावे लागणारा वाद असेल तर खालच्या कोर्टात जा म्हणतं. अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडलेली गोष्ट "अशीच करा" असं सहसा सांगत नाही. जास्तीत जास्त "निर्णय घ्या, पण अमुक मुदतीत घ्या" म्हणतं. पण निर्णय आधीच झालेला असेल, त्याच्यावर स्थगिती नसेल आणि कायद्यानं तो अमलात आणायची जबाबदारी ठरलेली असेल, तर वाद उरतोच कुठे? अशी याचिका दोन-तीन पानांत मावते. न्यायालयालाही सोपी जाते. म्हणून म्हणतो, "रस्ता द्या" ही याचिका आणि "दिलेला रस्ता मोकळा करा" ही याचिका, दोघींत जमीन-अस्मानाचा फरक आहे.

"पैसे नाहीत, माणसं नाहीत" हे उत्तर न्यायालयात किती चालतं, याचं देशातलं सगळ्यात गाजलेलं उदाहरण रतलामचं. मुंबईहून दिल्लीकडे जाणाऱ्या गाडीत लागतं ते रतलाम. तिथल्या एका वॉर्डातल्या लोकांनी १९७२ मध्ये तक्रार केली. उघडी गटारं, रस्त्यावर घाण, दारूच्या कारखान्याचं वास मारणारं पाणी. दंडाधिकाऱ्यांनी नगरपालिकेला सहा महिन्यांत नाल्या बांधायला सांगितलं. नगरपालिका वर गेली. म्हणणं एकच : तिजोरीत पैसे नाहीत. मधल्या कोर्टात तिच्यासारखं झालं, उच्च न्यायालयात पुन्हा लोकांसारखं. शेवटी १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती कृष्णा अय्यर आणि चिन्नप्पा रेड्डी यांनी सांगितलं की कायद्यानं अंगावर टाकलेलं मूलभूत काम पैशाच्या कारणावरून टाळता येत नाही. पैसे लागत असतील तर राज्य सरकारकडून आणा, पण नाली बांधा. तक्रार ते निकाल, आठ वर्षं गेली. पण आज एखादी ग्रामपंचायत किंवा नगरपालिका निधी नाही म्हणाली की वकील हेच प्रकरण पुढे करतात. त्या वेळी वापरलेलं फौजदारी संहितेचं कलम १३३ आता नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम १५२ म्हणून आहे. सार्वजनिक रस्त्यावरचा अडथळा, उघडी विहीर, साचलेली घाण यासाठी आजही चालतं.

तर मग कोर्टात गेलं की काम झालं का? नाही. हेही स्पष्ट लिहितो, नाहीतर उद्या कोणी मला म्हणेल की तुझं वाचून मुंबईला गेलो आणि हात हलवत आलो.

रस्त्यावरच्या खड्ड्यांचंच बघा. मुंबई उच्च न्यायालयानं २०१३ मध्ये स्वतःहून या विषयाची दखल घेतली. २०१८ मध्ये सविस्तर आदेश दिले : खड्डे बुजवा, तक्रार घ्यायची सोय करा. महानगरपालिकांनी हो म्हटलं. खड्डे दर पावसाळ्यात परत. शेवटी ऑक्टोबर २०२५ मध्ये न्यायालयानं खड्ड्यामुळे मृत्यू झाला तर कुटुंबाला ६ लाख आणि जखमीला दुखापतीप्रमाणे ५० हजार ते अडीच लाख भरपाई द्यायला सांगितली. बारा वर्षं कोर्ट सांगत होतं, ते ऐकलं गेलं नाही, तेव्हा न ऐकण्याला किंमत लावावी लागली. न्यायालयाचा आदेशही शेवटी कागदच असतो. तो पाळला नाही तर अवमान याचिका करावी लागते, म्हणजे आदेशामागे पुन्हा एक आदेश. एवढं मनात धरूनच त्या रस्त्याला लागायचं.

आणि आता एक कडू गोळी. आपल्या नाशिक-नगरवाल्यांसाठी.

जायकवाडीला पाणी सोडायचं म्हटलं की आपण चिडतो. मीही चिडतो. गंगापूर-दारणाचं पाणी नांदूर मध्यमेश्वरावरून खाली जाताना बघायला बरं वाटत नाही. पण ते पाणी का जातं? २००५ मध्ये राज्यानं कायदा केला की एका खोऱ्यातल्या वरच्या आणि खालच्या धरणांनी टंचाई समान वाटून घ्यायची. त्यावर सप्टेंबर २०१४ मध्ये जलसंपत्ती नियमन प्राधिकरणानं आदेश दिला. १५ ऑक्टोबरला जायकवाडीत उपयुक्त साठा ६५ टक्क्यांच्या खाली असेल तर वरच्यांनी हिशेबानं सोडायचं. सप्टेंबर २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं तो आदेश कायम केला. २०२३ ला पाऊस कमी झाला. ऑक्टोबरच्या शेवटी ८.६ टीएमसी सोडायचा आदेश निघाला, त्यात गंगापूर आणि दारणा समूहाचं मिळून तीन टीएमसीच्या वर. पण प्रत्यक्ष पाणी सुटायला नोव्हेंबर सरत आला. मधल्या काळात आंदोलनं झाली, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, तिथे स्थगिती मिळाली नाही.

आता तो मधला महिना पैठणच्या शेतकऱ्याच्या जागी बसून बघा. आदेश हातात, पाणी नाही. दाजींची आणि त्याची गोष्ट एकच आहे, फक्त आपण वरच्या गटवाल्याच्या जागी आहोत. प्राधिकरणाच्या सूत्रावर आपले आक्षेप असतील, आकडे जुने आहेत म्हणू, पुन्हा तपासा म्हणू. तो आपला हक्क आहे आणि तो कागदावर, सुनावणीत लढायचा. पण आदेश आपल्या बाजूचा असला की "अंमलबजावणी करा" आणि विरुद्ध असला की "करून तर दाखवा", असं दोन्हीकडून बोलता येत नाही. ज्या गावात विरुद्ध गेलेला आदेश कोणीच मानत नाही, तिथे बाजूनं आलेला आदेशही लॅमिनेशन करूनच ठेवावा लागतो.

बरं, आता कामाचं. मी वकील नाही. दाजींबरोबर फिरताना आणि जाणत्या लोकांकडून जे शिकलो ते लिहितो.

१. आदेश नीट वाचा. "अर्जदाराचा अर्ज मंजूर" एवढंच लिहिलं असेल तर अंमलबजावणीच्या दिवशी जेसीबीवाला विचारेल, कुठून? आदेशात गट नंबर, कोणत्या बाजूचा बांध, दिशा, लांबी, रुंदी आणि कच्चा नकाशा पाहिजे. सुनावणी चालू असतानाच हे लिहून मागा. नंतर दुरुस्तीला वर्ष जातं.

२. गावनकाशा काढा. वाट नकाशावर तुटक रेषांनी दाखवलेली असेल तर ती शेजाऱ्याची कृपा नाही, नोंदलेला रस्ता आहे. तुमची बाजू तिथेच निम्मी जड होते.

३. अपील झालं म्हणजे आदेश थांबला असं नाही. स्थगिती मिळाली तरच थांबतो. "ते वर गेलेत ना, बघू" असं उत्तर मिळालं तर नम्रपणे विचारा, स्थगिती आदेशाची प्रत द्याल का? पण १४३ च्या निर्णयाविरुद्ध एका वर्षात दिवाणी दावा करता येतो, हे दोन्ही बाजूंनी लक्षात ठेवा.

४. अंमलबजावणीचा वेगळा लेखी अर्ज द्या. त्यात आदेशाचा क्रमांक, तारीख, कलम, आणि "अमुक दिवसांत करावी" ही विनंती. पोच घ्या, शिक्का आणि आवक क्रमांकासह. उच्च न्यायालय सर्वात आधी हेच बघतं : तुम्ही मागणी केली होती का, आणि त्यांनी नाकारली किंवा गप्प बसले का? तोंडी शंभर चकरा मोजल्या जात नाहीत. पोच असलेले दोन कागद मोजले जातात.

५. माहितीच्या अधिकारात त्या फाईलवर काय-काय शेरे आहेत त्याची प्रत मागा. बंदोबस्तासाठी पोलिसांना पत्र गेलं का, गेलं तर कोणत्या तारखेला, हे कळतं. बऱ्याचदा पत्र निघालेलंच नसतं.

६. २२ मे २०२५ चा शासन निर्णय जवळ ठेवा. शेतरस्ता शक्यतो तीन ते चार मीटर रुंद, प्रकरणाचा निर्णय ९० दिवसांत, आणि मंजूर रस्त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात. ही शेवटची गोष्ट सोन्यासारखी आहे. नोंद असली की शेत विकलं तरी रस्ता विकला जात नाही.

७. ग्रामपंचायतीच्या ठरावावर भिस्त ठेवताना जपून. "रस्ता करावा असे सर्वानुमते ठरले" हा ठराव चांगला, पण त्याच्यामागे कायद्याचं बंधन नसेल तर न्यायालयात तो लंगडा पडतो. सार्वजनिक रस्त्यावरचं अतिक्रमण असेल तर मात्र ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम ५३ आहे, आणि ग्रामपंचायत हलली नाही तर जिल्हाधिकाऱ्यांकडे जाता येतं. त्यामुळे ठरावात कलम लिहा, काम कोण करणार ते लिहा, मुदत लिहा.

८. मग वकिलाची नोटीस, आणि शेवटी याचिका. आपला नाशिक जिल्हा मुंबईच्या मुख्य न्यायपीठाकडे येतो. नगर, जळगाव, धुळे औरंगाबाद खंडपीठाकडे. खर्च झेपत नसेल तर विधी सेवा समितीत जा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. शेत आईच्या किंवा बायकोच्या नावावर असेल तर हे विसरू नका.

दाजींचं पुढे काय झालं ते विचाराल. याचिकेपर्यंत गेलंच नाही. वकिलानं दोन पानांची नोटीस दिली. आदेशाचा क्रमांक, कलम २१, तिन्ही अर्जांच्या पोच, आणि शेवटी एक ओळ की तीस दिवसांत अंमलबजावणी न झाल्यास उच्च न्यायालयात दाद मागू. पंचविसाव्या दिवशी मंडळ अधिकारी, तलाठी, दोन पोलीस आणि जेसीबी बांधावर हजर. चौदा महिन्यांचं काम अडीच तासांत झालं. दाजींनी तेव्हाच पंचनाम्यावर मोजमाप लिहून घेतलं, फोटो काढले, आणि त्याच आठवड्यात सातबाऱ्यावर नोंदीचा अर्ज दिला.

बरं झालं दिला. कारण पुढच्या वैशाखात वरच्या गटवाल्यानं नांगरट करताना रस्ता परत चार फूट आत ओढला. या वेळी दाजी भांडायला गेले नाहीत. सातबाऱ्याचा उतारा आणि पंचनामा घेऊन त्याच्या ओट्यावर जाऊन बसले. चहा घेतला, कागद पुढे ठेवले. त्यानं ते बराच वेळ वाचले. मग म्हणाला, "नांगर पोरानं धरला होता, त्याला माहीत नव्हतं." दाजी म्हणाले, "मग आता माहीत झालं." दुसऱ्या दिवशी बांध पूर्ववत.

त्या दोघांची दोस्ती झाली असं मी म्हणणार नाही. पण परवा त्याची ट्रॉली दाजींच्या रस्त्यात फसली होती आणि दाजींच्याच ट्रॅक्टरनं काढली, एवढं मी डोळ्यांनी बघितलं.

तुमच्याकडेही कपाटात असा एखादा आदेश पडून असेल तर आज संध्याकाळी बाहेर काढा. तारीख बघा, कलम बघा, रुंदी लिहिलीय का बघा. आणि लाल कांद्याची लागण सुरू व्हायच्या आत तो चौथ्या क्रमांकाचा अर्ज देऊन टाका. पोच घ्यायला विसरू नका.